काना गावचा नवरदेव



पुनरुत्थानाचा सण झाला की आपल्या भागात लग्नसराई सुरू होते. उपवासकाळात आपण लग्ने ठेवत नाही, आणि ऊसतोडीला गेलेली कुटुंबेही त्याच सुमारास गावी परततात. त्यामुळे एप्रिल-मे महिन्यांत मिस्सा संपताना लग्नाच्या घोषणा ऐकू येतात आणि बाहेर अंगणात बस्ता कुठे बांधायचा, मंडपवाला कोण, आचारी कोण, याची चर्चा सुरू होते. या दिवसांत लग्नाविषयी काही लिहावे असे फादरांनी सुचवले. घरखर्चाविषयी लिहावे असा त्यांचा विचार असावा. मी मात्र दुसऱ्याच गोष्टीविषयी लिहिणार आहे.

लग्न ठरलेल्या मुलामुलींसाठी आपण दरवर्षी मार्गदर्शनाचा एक दिवस ठेवतो. यंदा त्यात थोडा बदल केला. गेल्या वर्षी लग्न झालेल्या तीन जोडप्यांना बोलावले आणि सर्वांसमोर त्यांना एकच प्रश्न विचारला : तुमच्या लग्नाचा दिवस तुम्हाला पुन्हा मिळाला तर तुम्ही काय वेगळे कराल?

पहिला नवरा लगेच म्हणाला, "बुंदी जास्त करीन." सगळे हसले. पण तो हसला नाही. तो म्हणाला, "सर, दुसरी पंगत बसली आणि आचारी येऊन कानात म्हणाला की बुंदी पुरणार नाही. तिथून पुढं माझ्या डोक्यात दुसरं काहीच नव्हतं. लोक फोटोला येत होते, मी हसत होतो, पण माझं सारं ध्यान पंगतीकडं होतं. व्याही काय म्हणतील, भावकी काय म्हणेल. रात्री बारापर्यंत मी बुंदीच मोजीत होतो."

दुसरी मुलगी थोडी लाजत बोलली. "मला माझ्या लग्नातलं काहीच आठवत नाही. व्हिडिओत बघितलं तेव्हा कळलं की माझी आजी देवळात पहिल्या बाकावर बसून रडत होती. मी तिच्याजवळ गेलेच नाही. ती आता नाही."

यानंतर खोलीत कोणी बोलेना. ज्यांची लग्ने महिन्यावर आली होती ती मुले खाली बघत होती. तिसरे जोडपे काय म्हणाले ते पुढे सांगतो.

मी त्या दिवसापासून एका प्रश्नावर विचार करतो आहे. लग्नाचा दिवस आनंदाचा, असे आपण सारेच म्हणतो. मग ज्यांचे लग्न असते त्यांनाच तो आनंद का मिळत नाही? आणि मिळाला नाही, तर त्यात कोणाचे काही चुकले असे म्हणावे का? की हा प्रश्नच मुळी हौशी लोकांचा आहे?

आपल्या आईवडिलांच्या पिढीला विचारले तर ते म्हणतील की हा प्रश्नच चुकीचा आहे. लग्न काय नवरा-नवरीच्या मौजेसाठी असते का? लग्न दोन घरांचे असते, भावकीचे असते. नवरा-नवरीने मुंडावळ्या बांधून खाली मान घालून बसावे, बाकीचे मोठे लोक बघतील. आजची मुले याच्या अगदी उलट बोलतात. "आमचा दिवस आहे, आमच्या मनासारखा व्हावा." त्यासाठी कपिलधारच्या धबधब्यापाशी जाऊन लग्नाआधीच फोटो काढतात, एकसारखे कपडे, ड्रोन, डीजे, स्टेजवर धूर. गंमत अशी की दोन्ही प्रकारच्या लग्नांत नवरा-नवरीची अवस्था एकच होते. पूर्वी ती मान खाली घालून लोकांना दाखवली जात, आता मान वर करून दाखवली जातात. ज्याला दिवसभर दुसऱ्याच्या डोळ्यांनी स्वतःकडे पाहावे लागते, त्याला स्वतःच्या डोळ्यांनी काही पाहता येत नाही. त्या मुलीला पहिल्या बाकावरची आजी दिसली नाही, याचे कारण तेच आहे असे मला वाटते.

लग्न म्हटले की शुभवर्तमानातील काना गावचे लग्न आपल्याला आठवते. संत योहानाने ते दुसऱ्या अध्यायात दिले आहे. आपल्या विवाहाच्या मिस्सात ते पुष्कळदा वाचले जाते, आणि प्रवचनात पवित्र मरियेची मध्यस्थी व प्रभू येशूचा पहिला चमत्कार यांवर आपण ऐकतो. पण त्या गोष्टीतल्या नवरदेवाकडे तुम्ही कधी लक्ष दिले आहे का?

तो सबंध गोष्टीत एक शब्द बोलत नाही. नवरीचा तर उल्लेखच नाही. यहुदी लोकांची लग्ने त्या काळी सात-सात दिवस चालत, म्हणजे पाहुण्यांची सरबराई आपल्यापेक्षा जड. अशा लग्नात द्राक्षारस संपतो. ते मरियेच्या लक्षात येते. येशूच्या सांगण्यावरून चाकर सहा दगडी रांजण काठोकाठ पाण्याने भरतात. मग भोजनकारभारी तो रस चाखतो आणि नवरदेवाला बोलावून त्याची स्तुती करतो की, लोक चांगला रस आधी वाढतात, तू मात्र तो आतापर्यंत राखून ठेवलास. बिचाऱ्या नवरदेवाला यातले काहीच ठाऊक नाही. रस संपला होता हे त्याला माहीत होते की नाही, तेही योहान सांगत नाही. स्तुती त्याच्या पदरात पडली, पण ती कशाबद्दल हे त्याला कळलेही नसेल. हे सारे कसे घडले हे कोणाला ठाऊक होते? योहान मुद्दाम सांगतो : ज्यांनी पाणी भरले होते त्या चाकरांना.

मला पूर्वी वाटे की हा नवरदेव म्हणजे गोष्टीत राहून गेलेला माणूस. आता मला त्याचा हेवा वाटतो. त्याच्या घरची अब्रू जायची वेळ आली होती, ती दुसऱ्यांनी सांभाळली, आणि त्याला त्यातले काही कळू दिले नाही. मरिया त्याच्याकडे गेली नाही. "अरे, रस संपला, आता काय करतोस?" असे त्याच्या कानात येऊन कोणी सांगितले नाही. ती नवरदेवाला ओलांडून थेट प्रभूकडे गेली. आपल्या बुंदीच्या नवरदेवाला त्याच्या लग्नात अशी एक मावशी मिळाली असती तर!

ख्रिस्तसभेची शिकवण इथे ध्यानात घेण्यासारखी आहे. विवाह-संस्कार कोण देतो, असे धर्मशिक्षणाच्या वर्गात विचारले तर मुले म्हणतात, फादर देतात. मोठी माणसेही तेच म्हणतात. पण तसे नाही. बाप्तिस्मा धर्मगुरू देतात, पापक्षमा धर्मगुरू देतात, पण विवाहाचा संस्कार नवरा नवरीला देतो आणि नवरी नवऱ्याला देते. धर्मगुरू ख्रिस्तसभेच्या वतीने त्यांची संमती स्वीकारतात, आणि दोन साक्षीदार हजर असतात. त्रेंत येथील धर्मसभेने १५६३ साली धर्मगुरू व साक्षीदार आवश्यक ठरवले, कारण त्यापूर्वी चोरून लग्ने लावण्याचे प्रकार फार होत. तरी संस्काराचे मूळ त्या दोघांच्या संमतीत आहे, ते बदलले नाही. म्हणजे सबंध दिवसात असे एकच काम आहे जे त्यांच्यावाचून दुसऱ्या कोणालाही करता येत नाही. बुंदी आचारी बघेल, मंडप मंडपवाला बघेल, मानपान मामा बघतील. शब्द मात्र त्यांनाच द्यावा लागतो. आणि आपल्याकडे होते काय? दिवसभराच्या कामांत हेच काम सर्वांत घाईत उरकले जाते.

हे मी कोणाला दुखवण्यासाठी लिहीत नाही. पण खरे ते सांगितले पाहिजे. पत्रिकेवर सकाळी दहाची मिस्सा छापलेली असते. वरात साडेअकरापर्यंत डीजेपुढे नाचत असते, किंवा वऱ्हाडाची गाडी मांजरसुंब्याच्या घाटात बंद पडलेली असते. फादर झगा घालून दारात उभे असतात, गायनमंडळाची मुले उपाशी असतात. मग बारा वाजता नवरदेव घामाने निथळत आत येतो. त्याच्या कानात अजून डीजे वाजत असतो. त्याला फादर काय विचारतात ते ऐकू येत नाही आणि शेजारून करवला ढोसतो, "हो म्हण." पुढे मंडपात पुढाऱ्यांचे सत्कार सुरू होतात. माईकवर एकेकाचे नाव घ्यायचे, फेटा बांधायचा, हार घालायचा, त्यांनी दोन शब्द बोलायचे. हा सारा प्रकार वधूवरांच्या प्रतिज्ञेपेक्षा जास्त वेळ चालतो. मी एका लग्नात घड्याळ लावून पाहिले. प्रतिज्ञेला तीन मिनिटे, सत्काराला पन्नास. ही आपल्या बीड जिल्ह्याची खास रीत आहे. ती बंद करा म्हटले तर माझ्याच भावकीत माझ्याशी कोणी बोलणार नाही.

पोप फ्रान्सिस यांनी २०१६ साली कुटुंबाविषयी 'आमोरिस लेतीसिया' हे पत्र प्रसिद्ध केले. त्यात त्यांनी याच गोष्टीकडे लक्ष वेधले आहे. निमंत्रणे, कपडे, मेजवानी आणि बारीकसारीक तयारी यांत पैसाच नव्हे तर बळ आणि आनंदही खर्च होतो, आणि वधूवर वेदीजवळ येतात ते थकून-भागून, असे त्यांनी म्हटले आहे. दूर रोममध्ये बसून त्यांनी आपल्या मंडपातले कसे ओळखले याचे मला आश्चर्य वाटले. मग लक्षात आले की हा रोग आपल्या एकट्याचा नाही.

आता यावर कोणी सहज म्हणेल, की मग साधी लग्ने करा. या वाटेनेही आपल्या महाराष्ट्रात मोठी माणसे चालली आहेत. महात्मा फुले यांच्या सत्यशोधक समाजाच्या पद्धतीने पहिले लग्न २५ डिसेंबर १८७३ रोजी झाले. नाताळाच्याच दिवशी, हे आपल्याला लक्षात ठेवायला सोपे. त्या लग्नात भटजी नव्हते, खर्च अगदी थोडा होता, आणि वधूवरांनी एकमेकांसमोर शपथा घेतल्या. त्या काळी ही गोष्ट सोपी नव्हती, विरोध पुष्कळ झाला. मला त्यातली शपथांची गोष्ट खर्चापेक्षाही मोलाची वाटते. वधूवरांना कळेल अशा भाषेत त्यांनी स्वतः बोलावे, दुसऱ्याने त्यांच्या वतीने बोलू नये, हा त्यातला मुद्दा होता.

पण नुसत्या साधेपणाविषयी माझ्या मनात शंका आहे. ती मला आमच्या शेजारच्या एका म्हाताऱ्या बाईने शिकवली. एका कार्यक्रमात मी साध्या लग्नावर बोललो, तेव्हा ती नंतर मला म्हणाली, "मास्तर, तुम्हाला रोज गोड खायला मिळतं म्हणून तुम्ही असं बोलता. आमच्या आयुष्यात लोकांना आपल्या दारात जेवू घालायचा दिवस एकदाच येतो." मला उत्तर देता आले नाही. आणि काना गावाकडे पाहिले तर प्रभू येशूनेही काटकसर शिकवली असे दिसत नाही. सहा रांजण, प्रत्येकात दोन-तीन मण पाणी मावणारे. आजच्या मापाने हिशेब केला तर सुमारे ५०० ते ७०० लिटर होतात. एका खेड्यातल्या लग्नासाठी, तेही पाहुणे अर्धे जेवून झाल्यावर! तेव्हा पाहुण्यांना पोटभर वाढण्यात पाप नाही. मला विचारायचे आहे ते हे की, त्या जेवणाची किंमत पुढे कोण फेडतो.

इथे तिसऱ्या जोडप्याची गोष्ट सांगतो. दोघेही ऊसतोड करतात. गेल्या मे महिन्यात लग्न झाले. खर्चासाठी मुलाने मुकादमाकडून उचल घेतली. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो, नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात आणि त्या कोयत्यावर हंगामाआधी मिळणाऱ्या पैशाला उचल म्हणतात. आजकाल ती पन्नास हजारांपासून लाखाच्या वर जाते. ती फिटेपर्यंत काम करायचे, नाही फिटली तर पुढच्या हंगामात पुन्हा यायचे. ही दोघे दिवाळी झाल्यावर टोळीबरोबर गेली. पाचटाच्या कोपीत राहिली. पहाटे तीनला उठून फडात जायचे, मोळ्या बांधायच्या, डोक्यावरून गाडीत भरायच्या. मुलगी म्हणाली, "सर, थंडीत मोळी उचलताना मी मनात म्हणायची, ही मोळी मंडपाची. ही मोळी डीजेची. ही बुंदीची." तिचा नवरा म्हणाला, "डीजे मी लावला नव्हता. मित्रांनी लावला. पैसे मात्र मी दिले."

त्यांनी तक्रारीच्या सुरात सांगितले नाही. पण मला त्या रात्री झोप आली नाही. आपण तिच्या लग्नात जेवलो. मीही जेवलो. बुंदी चांगली झाली होती.

२०१७ साली शेजारच्या लातूर जिल्ह्यातील एका शेतकऱ्याच्या मुलीने, आपल्या लग्नाच्या खर्चाचा भार वडिलांवर पडू नये म्हणून स्वतःचा जीव दिला होता. तेव्हा सर्व वर्तमानपत्रांत बातमी आली. आपण हळहळलो. त्या वर्षी मंडप लहान झाले असे मला आठवत नाही.

आणखी एक गोष्ट मी टाळू शकत नाही. लग्नाच्या दिवसाचा आनंद घ्यावा असे म्हणताना, तो दिवस मुलीने स्वतः निवडला आहे असे आपण गृहीत धरतो. सरकारच्या २०१९ ते २०२१ च्या कुटुंब आरोग्य पाहणीत आपल्या बीड जिल्ह्यातील २० ते २४ वर्षांच्या स्त्रियांपैकी सुमारे ४४ टक्के स्त्रियांचे लग्न अठरा वर्षांच्या आत झाल्याचे दिसून आले. कोयता पुरा व्हावा, मुलगी घरी एकटी राहू नये, अशी कारणे आपण सारे जाणतो, आणि ती कारणे खोटी नाहीत. पण फादर वेदीजवळ पहिला प्रश्न हाच विचारतात की तुम्ही कोणाच्या जबरदस्तीवाचून, स्वखुशीने येथे आला आहात काय. जिला घरी कोणी विचारलेच नाही, तिला तो प्रश्न देवळात पहिल्यांदा ऐकू आला तर ती काय उत्तर देणार? तिला आनंदी राहा म्हणणे ही थट्टा होईल.

मार्गदर्शनाच्या दिवशी त्या तीन जोडप्यांनी लग्न ठरलेल्या मुलांना काही गोष्टी सांगितल्या. त्या साध्याच आहेत. सकाळी काही खाऊन घ्या, उपाशीपोटी चक्कर येते. पैशाची पिशवी आणि आचाऱ्याची कटकट एका विश्वासू माणसाकडे द्या आणि त्याला सांगा की संध्याकाळपर्यंत मला काही सांगू नको, घर जळाले तरी. प्रतिज्ञेचे शब्द आठवडाभर आधी घरी वाचा. प्रतिज्ञेच्या वेळी फोटोवाल्याकडे बघू नका, एकमेकांकडे बघा. फोटोवाला हात करून बोलावतो, तरी बघू नका. आहेराची वही त्या रात्री उघडू नका. म्हाताऱ्या माणसांना स्टेजवर बोलावू नका, तुम्ही खाली उतरून त्यांच्याजवळ जा. ही शेवटची गोष्ट त्या आजीच्या नातीने सांगितली.

मी यात एक भर घातली. माझे लग्न १९९६ साली झाले. त्या दिवशी वादळ आले, मंडपाचे कापड उडाले आणि सगळे लोक शाळेच्या वऱ्हांड्यात जेवले. त्या धावपळीत खूप हसलो, ते अजून आठवते. परंतु माझे वडील दिवसभर दारात हात जोडून उभे होते. कोणी जेवल्यावाचून जाऊ नये म्हणून. पुढे पुष्कळ वर्षांनी, ते वारल्यावर, आईने बोलता बोलता सांगितले की त्या दिवशी ते रात्रीपर्यंत जेवले नव्हते, आणि रात्री उरलेला भात पाण्यात कालवून खाल्ला. मी त्यांना विचारले नव्हते. माझ्या लग्नाच्या अल्बममध्ये त्यांचा एकच फोटो आहे, पाठमोरा. मुलांना मी एवढेच म्हणालो की, आपल्या बापाला हाताला धरून पहिल्या पंगतीला बसवा. तो नाही म्हणेल. तरी बसवा.

कार्यक्रम चारच्या सुमारास संपला. मुले पांगली. मी सतरंज्या गोळा करीत होतो तेव्हा ते ऊसतोडीचे जोडपे परत आले. नवरा जरा घुटमळला आणि म्हणाला, "सर, तुम्ही म्हणालात प्रतिज्ञा घरी वाचा. आम्ही त्या दिवशी काय बोललो ते आम्हाला धड आठवत नाही. पुस्तक आहे का?" मी फादरांना विचारून विवाहविधीचे पुस्तक आणले. देवळात कोणी नव्हते. दोघे वेदीसमोर जाऊन उभे राहिले, चपला काढून. मुलीला वाचता येते, मुलाला थोडे अडखळत येते. आधी तिने वाचले. मग त्याने बोट ठेवून एकेक शब्द वाचला. एका ठिकाणी तो अडकला, तिने हळूच सांगितले, आणि त्याने तो शब्द पुन्हा म्हटला.

मी मागे दाराशी उभा होतो. बाहेर त्यांच्या गावाला जाणारा जीपवाला हॉर्न वाजवीत होता. मी त्याला जरा थांब म्हणून हात केला.